से कॅथेड्रलचे प्रहर : जुन्या गोव्यातील नित्य उपासनेचा एक मागोवा

मोहगाव हे पांढुर्णा-सौंसर पट्ट्यातील मराठी बोलणारे गाव. शासनाचे कागद येथे हिंदीत येतात, आमच्या धर्मप्रांताचे आसन दूर जबलपुरास आहे. बाजार, सोयरिकी आणि बोली या तिन्ही गोष्टी मात्र नागपुराकडे वळलेल्या. गेल्या पावसाळ्यात येथे एका घराच्या ओसरीवर आम्ही सायंप्रार्थना केली. नाल्याला पूर आल्यामुळे पलीकडच्या वस्तीतील कोणी येऊ शकले नाही. आम्ही, एक धर्मशिक्षक आणि त्या घरातील वृद्ध माउली, असे तिघेच. स्तोत्राची कडवी आळीपाळीने म्हणायची. तेव्हा एका बाजूस आम्ही एकटे आणि दुसऱ्या बाजूस ते दोघे. त्यांतही माउलींना वाचता येत नसल्याने ओळीचे शेवटचे शब्द तेवढे त्या धर्मशिक्षकांच्या मागोमाग म्हणत.

प्रार्थना आटोपल्यावर धर्मशिक्षकांनी पुस्तक फडक्यात गुंडाळता गुंडाळता विचारले, "फादर, पुस्तकात याले साऱ्या चर्चची प्रार्थना म्हणलं हाय. आपण तं तिघंच होतो. मंग हे साऱ्या चर्चची कशी झाली?"

आम्ही उत्तर दिले. ते गुरुविद्यालयात शिकलेले उत्तर होते आणि ते चुकीचेही नव्हते. पण त्याने धर्मशिक्षकांचे समाधान झाले नाही, व खरे सांगावयाचे तर आमचेही झाले नाही. तो प्रश्न मनात घोळत राहिला. या देशात ही प्रहरांची प्रार्थना सर्वांत मोठ्या थाटाने जेथे झाली आणि पुढे सर्वांत मोठ्या एकांतात जेथे चालू राहिली, अशा एका स्थानाचा इतिहास त्या निमित्ताने आम्ही पुन्हा एकदा चाळला. ते स्थान म्हणजे जुन्या गोव्याचे से कॅथेड्रल. मोहगावाहून गोव्याकडे वळण्याचे आणखी एक कारण आहे. आपण मराठीत प्रार्थना करणारे ख्रिस्ती ज्या वाङ्मयाला आपला पहिला ठेवा मानतो, ते त्याच भूमीत आणि त्याच काळात निर्माण झाले. मात्र ते कॅथेड्रलच्या भिंतींच्या आत निर्माण झाले नाही, ही गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे.

प्रथम नावाविषयी. कॅथेड्रल म्हणजे फार मोठे चर्च, अशी समजूत आपल्या लोकांत रूढ आहे. शब्दाचा अर्थ तसा नाही. ग्रीक भाषेत 'कॅथेड्रा' म्हणजे आसन. ज्या मंदिरात बिशपांचे आसन असते ते कॅथेड्रल; मग ते लहान असो वा मोठे. पोर्तुगीज भाषेतील 'से' या शब्दाचाही अर्थ तोच. तेव्हा 'से कॅथेड्रल' म्हणणे हे 'आसनाचे आसनमंदिर' म्हणण्यासारखे आहे. पण रूढीपुढे व्याकरणाचे चालत नाही. असो.

अफोन्सो द अल्बुकर्क याने २५ नोव्हेंबर १५१० रोजी गोवा शहर आदिलशाहीकडून कायमचे जिंकून घेतले. तो दिवस अलेक्झांड्रियाच्या संत कॅथरीनच्या सणाचा. म्हणून तेथे तिच्या नावाचे मंदिर उभे राहिले व पुढे कॅथेड्रलही तिलाच अर्पण झाले. येथे क्षणभर थांबावेसे वाटते. परंपरेप्रमाणे संत कॅथरीन ही सम्राटाच्या सत्तेपुढे निःशस्त्र उभी राहिलेली, पंडितांना युक्तिवादाने निरुत्तर करणारी आणि अखेरीस तलवारीने मारली गेलेली कुमारी. तिला एका लष्करी विजयाची आश्रयदात्री करण्यात आले. गोव्यातील चर्चच्या पुढील तीन शतकांतील गुंतागुंत या एका नामकरणात साठलेली आहे, असे आम्हांस वाटते.

पोप तिसरे पॉल यांच्या १५३४ सालच्या आज्ञापत्राने गोवा धर्मप्रांत झाला आणि १५५८ साली महाधर्मप्रांत. आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यापासून चीनपर्यंतचा मुलूख या एका आसनाच्या छायेत आला. अर्थातच अशा आसनाला जुने मंदिर अपुरे वाटू लागले. व्हाइसरॉय रेदोंदोचा काउंट दों फ्रान्सिस्कु कोतिन्यु याच्या कारकिर्दीत, १५६२ साली, नव्या इमारतीस आरंभ झाला. पोर्तुगालच्या गादीवर तेव्हा आठ वर्षांचा राजा सेबास्तियांव होता. इमारतीचा मुख्य भाग पुरा झाला १६१९ साली, विधिपूर्वक समर्पण झाले १६४० साली, आणि वेद्यांचे काम संपावयास १६५२ साल उजाडले. ज्यांनी पायाचे चिरे घातले त्यांच्या नातवंडांनीही वेदीवरील सोनेरी नक्षी पुरी झालेली पाहिली असेल की नाही, शंकाच आहे. लांबी सुमारे २५० फूट, रुंदी सुमारे १८१ फूट; बाहेरून साध्या तस्कन घडणीचे, आतून नक्षीदार कॉरिंथियन खांबांचे; मुख्य वेदीमागे संत कॅथरीनच्या जीवनातील प्रसंग कोरलेले सोनेरी फलक. आशिया खंडातील सर्वांत मोठ्या ख्रिस्तमंदिरांत त्याची गणना होते. वास्तूचे वर्णन आम्ही येथेच पुरे करतो. ते प्रवासी पुस्तकांत विपुल आढळते, आणि आमचा विषय भिंतींच्या आत काय चालत असे हा आहे.

बांधकामास आरंभ झाला त्याच १५६२ सालच्या सप्टेंबरात ट्रेंट येथील धर्मपरिषदेची बाविसावी बैठक भरली होती. मिस्साबलीविषयीची शिकवण तेथे मांडली गेली. मिस्सा सर्वत्र लोकभाषेत व्हावी हे परिषदेस योग्य वाटले नाही. लॅटिन कायम राहिली. परंतु त्याच प्रकरणात आणखी एक आज्ञा आहे व तिच्याकडे पुढे फारसे लक्ष दिले गेले नाही. ख्रिस्ताच्या मेंढरांनी उपाशी राहू नये म्हणून धर्मगुरूंनी मिस्सा चालू असताना, विशेषतः रविवारी आणि सणाच्या दिवशी, वाचलेल्या भागांचा अर्थ वारंवार लोकांना समजावून सांगावा. भाषा लॅटिन ठेवा, पण अर्थ पोहोचवा, असा तो दुहेरी आदेश होता. से कॅथेड्रलने पहिला भाग निष्ठेने पाळला. दुसऱ्या भागाचे काय झाले, हा या लेखाचा खरा प्रश्न आहे.

आता नित्यक्रमाकडे वळू. प्रत्येक कॅथेड्रलला कॅनन या पदवीच्या धर्मगुरूंचे एक मंडळ असे. पोर्तुगीज कागदोपत्री त्याचे नाव 'काबिदो'. त्यात डीन हा प्रमुख. गायनाची व्यवस्था पाहणारा, खजिन्याची काळजी घेणारा, शिक्षणाची जबाबदारी असणारा असे मानकरी त्याखालोखाल. आणि मग इतर कॅनन. ही मंडळी केवळ बिशपांची सल्लागार नव्हती. त्यांचे पहिले काम दररोज एकत्र जमून देवाची स्तुती गाणे हे होते. रात्रजागर, प्रभातस्तवन, पहिल्या, तिसऱ्या, सहाव्या व नवव्या तासाच्या प्रार्थना, सायंस्तवन आणि शयनापूर्वीची प्रार्थना, असे आठ विभाग. प्रत्यक्षात ते सलग जोडून दिवसाच्या दोन-तीन बैठकांत उरकण्याची कॅथेड्रलांतून वहिवाट असे. १५६८ साली पोप पाचवे पायस यांनी रोमन प्रार्थनाग्रंथ लागू केला. त्याच्या रचनेप्रमाणे १५० स्तोत्रे एका आठवड्यात म्हणून व्हावयाची. आपण आज चार आठवड्यांत ती म्हणतो आणि तरीही तक्रार करतो!

कॅनन मंडळी दोन रांगांत समोरासमोर बसत. एका रांगेने स्तोत्राचे एक कडवे म्हणावयाचे, दुसरीने पुढचे. मध्ये दररोजची मंडळाची गायनयुक्त मिस्सा. याखेरीज बाजूच्या वेद्यांवर निरनिराळ्या धर्मगुरूंच्या खाजगी मिस्सा चालत. से कॅथेड्रलला आठ उपमंदिरे आणि पंधरा वेद्या आहेत, हे ध्यानी घेतले म्हणजे सकाळच्या वेळी त्या प्रशस्त मंदिरात किती घंटिका एकाच वेळी वाजत असतील याची कल्पना येते. पवित्र संस्काराच्या उपमंदिरात कोणी गुडघे टेकून, कोणी संत सेबास्तियनपुढे मेणबत्ती लावीत, कोणी बाप्तिस्म्यासाठी मूल घेऊन आलेले. येथील बाप्तिस्माकुंड संत फ्रान्सिस झेवियर यांनी वापरला, अशी परंपरा आहे. मेणबत्त्या, धूपदाणी, वस्त्रे, पाणी, झाडलोट, घंटा यांची व्यवस्था गोव्यात ज्याला सांक्रिस्तांव म्हणतात त्या सेवकाकडे आणि त्याच्या हाताखालच्या माणसांकडे.

आणि एक हजेरी. हे वाचून आपल्या बंधुवर्गातील काहींना हसू येईल. ट्रेंटच्या परिषदेने कॅथेड्रलांच्या उत्पन्नाचा तिसरा हिस्सा दैनिक वाटपासाठी राखून ठेवावयास सांगितले. जो कॅनन त्या त्या प्रार्थनेस हजर असेल त्यालाच त्या वेळचा वाटा मिळावयाचा. १५६३ च्या नोव्हेंबरातील बैठकीत आणखी नियम झाला की वर्षातून तीन महिन्यांहून अधिक काळ कोणाही कॅननने गैरहजर राहू नये. गैरहजेरी मांडणारा माणूस स्वतंत्र असे. देवाच्या स्तुतीसाठीसुद्धा हजेरीपट लागावा, हे आपल्या मनुष्यस्वभावाचे चित्र आहे. पण या व्यवस्थेची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. त्या नियमाने उत्साही आणि आळशी, भाविक आणि कंटाळलेले, सर्वांनाच दररोज त्याच आसनांवर आणून बसविले. प्रार्थना कोणाच्या त्या दिवशीच्या भावनेवर अवलंबून राहिली नाही. ओसरीवरील आमच्या तिघांच्या प्रार्थनेचा विचार करताना हा हजेरीपट आम्हांस वारंवार आठवला.

लोक कसे येत? यान हुयखेन व्हान लिन्स्खोतेन हा डच तरुण आर्चबिशप व्हिसेंते द फोन्सेका यांच्या पदरी लेखनिक होता व १५८३ पासून सुमारे पाच वर्षे गोव्यात राहिला. फ्रेंच प्रवासी पिरार्द द लाव्हाल १६०८ ते १६१० या काळात तेथे होता. त्याने कॅथेड्रल अपुऱ्या अवस्थेत पाहिले. दोघांच्याही वर्णनांत पोर्तुगीज घराण्यांतील लोकांचा चर्चला जाण्याचा थाट ठळकपणे येतो. पुरुष छत्री धरणारा गुलाम बरोबर घेऊन धीमी पावले टाकीत. स्त्रिया झाकलेल्या पालखीतून. आणि मागोमाग गालिचा, गिर्दी, आसन वाहणारे दासदासी. गालिचा अंथरला जाई, धनीण त्यावर बसे. गालिचा वाहून आणणारी दासीदेखील पुष्कळदा बाप्तिस्मा घेतलेली ख्रिस्ती असे. एकाच वेदीपुढे, एकाच कुंडातून जन्मलेल्या दोन बहिणी, एक गिर्दीवर आणि एक फरशीवर. आपल्या गावांतून चर्चमध्ये कोण पुढे बसतो आणि कोण दाराशी, हे ज्यांनी पाहिले आहे त्यांनी गोव्याच्या लोकांना एकदम दोष देऊ नये.

एका बाबतीत मात्र ही उपासना देशी हवामानापुढे नमली. ख्रिस्तदेहाचा सण युरोपात मे-जूनमध्ये येतो आणि त्या दिवशी पवित्र संस्काराची मिरवणूक रस्त्यांतून निघते. गोव्यात तेव्हा मृगाचा पाऊस कोसळत असतो. म्हणून तेथे ही मिरवणूक पावसाळ्यापूर्वीच काढीत. इटालियन प्रवासी पिएत्रो देल्ला व्हाले याने १६२३ सालच्या एप्रिलमध्ये ती पाहिली आणि तारीख अलीकडे आणण्याचे कारणही नोंदवून ठेवले. पावसासाठी सण हलविता येतो, हे तेथील चर्चला समजले होते. माणसांसाठी भाषा हलविता येते, हे समजावयास फार काळ लागला.

घंटेविषयी लिहिल्याशिवाय हे वर्णन प्रामाणिक होणार नाही. उरलेल्या मनोऱ्यातील मोठी घंटा 'सोन्याची घंटा' म्हणून प्रसिद्ध आहे. तिचा नाद गोड आणि दूरवर जाणारा. ती १६५२ साली कुंकळ्ळी येथे ओतली गेली असे सांगतात. कुंकळ्ळी हे तेच गाव, जेथे १५८३ साली पाच येशूसंघीय मारले गेले आणि नंतर बोलणीसाठी बोलाविलेल्या गावप्रमुखांना पोर्तुगीजांनी दगा देऊन ठार केले. ही घंटा प्रार्थनेला बोलावी, सणाला बोलावी; आणि इन्क्विझिशनच्या शिक्षा जाहीर करण्याच्या दिवशी पहाटेही वाजे. १५६० ते १८१२ या काळात, मधली चार वर्षे वगळता, धर्मन्यायालयाचे कामकाज कॅथेड्रलच्या शेजारीच, आदिलशाहाच्या जुन्या वाड्यात चालत होते. शार्ल देल्लों या फ्रेंच वैद्याने १२ जानेवारी १६७६ रोजी स्वतः कैदी म्हणून त्या मिरवणुकीत चालल्यावर पुढे जो वृत्तांत लिहिला, त्यात सूर्योदयापूर्वी वाजलेल्या कॅथेड्रलच्या मोठ्या घंटेचा उल्लेख आहे. प्रभातस्तवनासाठी उठणारे कॅनन आणि कोठडीत जागा असलेला कैदी यांनी त्या पहाटे एकच घंटा ऐकली. १५४० नंतर तिसवाडीतील देवळे पाडली गेली, त्यांच्या जमिनींचे उत्पन्न ख्रिस्ती संस्थांकडे वळविले गेले, हेही त्याच इतिहासातील सत्य आहे. मोहगावात अर्धनारीश्वराचे प्राचीन देवालय आहे. तेथील भाविक शेजाऱ्यांनी कधी आम्हांस गोव्याविषयी विचारले, तर घंटेचा गोडवा सांगून बाकीचे झाकणे आम्हांस शक्य होणार नाही, आणि करूही नये.

आसनाची हकीकत याहून निराळी नाही. मांडवी नदीच्या पलीकडे दिवाडी बेट दिसते. कॅथेड्रलपासून होडीने थोडाच वेळ. त्या बेटावर जन्मलेल्या मातेउस द कास्त्रो या तरुणास गोव्यात गुरुदीक्षा मिळेना. तो पायी व जहाजाने रोमला गेला, तेथे शिकला, धर्मगुरू झाला आणि १६३७ साली बिशप म्हणून अभिषिक्त झाला. लॅटिन विधीतील तो पहिला भारतीय बिशप. परंतु नदीपलीकडील त्या मोठ्या आसनाने त्याचा अधिकार मान्य केला नाही. अखेर विजापूरकरांच्या मुलखात, डिचोलीस, त्याने आपले ठाणे केले. बांदे आणि वेंगुर्ले येथेही मंदिरे उभारली. स्वभावाने तो तिखट होता आणि त्याचे सर्वच वर्तन अनुकरणीय होते असे नव्हे. पण अपमान त्याच्या वाट्याला आधी आला, तिखटपणा नंतर.

पुढेही हीच कथा चालू राहिली. २ एप्रिल १७६१ च्या राजाज्ञेने पोर्तुगीज भारतातील एतद्देशीय ख्रिस्ती प्रजेस समान हक्क दिले. ती गोव्यात जाहीर व्हावयास १७७४ साल यावे लागले. १७८७ च्या पिंटोंच्या कटात कायतानो फ्रान्सिस्कु दु कौतु आणि जुझे आंतोनियु गोन्साल्व्हिस हे दोन देशी धर्मगुरू अग्रभागी होते. लिस्बनला जाऊनही त्यांना धर्मपीठाची जागा नाकारण्यात आली होती. आर्चबिशपांच्या आसनावर पहिले गोमंतकीय आर्चबिशप राऊल गोन्साल्व्हिस बसले ते १९७८ साली. आसन स्थापन झाले १५५८ मध्ये. मधली ४२० वर्षे हिशेबात धरावी लागतात.

मग ट्रेंटच्या आज्ञेचा तो दुसरा भाग, अर्थ पोहोचविण्याचा, कोठे पाळला गेला? कॅथेड्रलपासून दक्षिणेस, साष्टीच्या गावांतून. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज येशूसंघीय २४ ऑक्टोबर १५७९ रोजी गोव्यास उतरले आणि जवळजवळ चाळीस वर्षे मुख्यतः साष्टीत राबले. रविवारी दुपारी गावोगावी 'दोत्रिना', म्हणजे धर्मशिक्षणाचा वर्ग, भरत असे. आपल्या पुराणाच्या आरंभीच स्टीफन्स अशा एका वर्गाचे चित्र रंगवितात. नवख्रिस्ती झालेला एक ब्राह्मण उठून म्हणतो की जुनी पुराणे आम्ही सोडली. आता मन रमविण्यास आम्हांस काही द्याल की नाही? त्या मागणीतून ख्रिस्तपुराण उभे राहिले. १६१६ साली रायतूर येथे रोमन लिपीत ते छापले गेले. दोन भाग, १०,९६२ ओव्या, भाषा मराठी, मधूनमधून कोकणीचा स्पर्श. रविवारी आणि सणावारी लोक मंदिरांतून ते गाऊन ऐकू लागले.

येथे तारखांचा एक योगायोग आहे. ख्रिस्तपुराण निघाल्यावर तीनच वर्षांनी, १६१९ साली, से कॅथेड्रलचा मुख्य भाग पुरा झाला; आणि त्याच साली स्टीफन्स निवर्तले. एकाच काळी, एकाच आर्चबिशपांच्या अधिकाराखाली, दोन उपासना चालू होत्या. एकीत शिक्षित कॅनन लॅटिन स्तोत्रे गात आणि लोक ऐकत. दुसरीत लोक स्वतः गात. पहिलीसाठी राजाचा खजिना होता. दुसरीसाठी गावचा मेस्त. हा मेस्त कोण, हे आपल्या धर्मशिक्षकांनी विशेष लक्ष देऊन वाचावे. गोव्यातील गावच्या मंदिराला जोडून शाळा असे. मुलांना धर्मशिक्षण आणि गायन शिकविणारा, मिस्साचे संगीत बसविणारा, मृतांसोबत स्मशानापर्यंत प्रार्थना म्हणत जाणारा हा प्रापंचिक माणूस. धर्मगुरू बदलत, मेस्त गावातच राहत असे. गोव्याच्या खेड्यांतील संगीत आजही नावाजलेले आहे, त्याचे मूळ या शाळांत आहे.

अधिकारीवर्गास या उपासनेचे महत्त्व कळत नव्हते असे नाही. १६०६ सालच्या पाचव्या प्रांतिक परिषदेने ठरविले की ज्या धर्मगुरूला स्थानिक भाषा येत नाही त्याच्याकडे धर्मग्राम सोपवू नये. ठराव उत्तम. परंतु सत्तेचे वारे फिरले. २७ जून १६८४ रोजी व्हाइसरॉय काउंट आल्व्होर याने लोकांनी तीन वर्षांच्या आत देशी भाषा सोडून पोर्तुगीज बोलावे असे फर्मान काढले. आदल्याच वर्षी छत्रपती संभाजी महाराजांच्या सैन्याने गोव्याला जेरीस आणले होते. जुवे बेटापर्यंत मराठे आले तेव्हा याच व्हाइसरॉयने संत फ्रान्सिस झेवियर यांच्या शवपेटीपाशी आपला राजदंड ठेवून शहर त्यांच्या हवाली केले होते. भेदरलेल्या सत्तेला लोकांची भाषाही शत्रूसारखी भासू लागते. लोकांनी अर्थातच घरात बोली सोडली नाही. पण पुराणे हळूहळू मंदिरांतून मागे पडली.

एवढ्यात शहरही ओस पडू लागले होते. साथींनी माणसे झपाट्याने नेली. व्हाइसरॉय प्रथम पणेलीस व नंतर, १७५९ साली, पणजीस राहावयास गेला. त्याच साली येशूसंघीयांची हकालपट्टी झाली. १७७६ साली कॅथेड्रलच्या दोन मनोऱ्यांपैकी एक कोसळला. तो पुन्हा बांधण्यात आला नाही. त्यामुळे ती दर्शनी बाजू आजही एक हात तुटलेल्या माणसासारखी दिसते. १८३५ साली सर्वच पुरुषसंघ बंद झाले. डोंगरावरील ऑगस्टिनियन मंदिराचे छत १८४२ साली पडले. १८४३ साली पणजीस राजधानीचा दर्जा रीतसर मिळाला. ज्या रस्त्यांतून पालख्या जात तेथे माडांच्या बागा आणि झुडपे झाली.

या ओसाडीत कॅनन मंडळी मात्र येत राहिली. जुझे निकोलाव द फोन्सेका यांनी १८७८ साली गोवा शहराचा इतिहास प्रसिद्ध केला. त्यांच्याही काळी कॅथेड्रलमध्ये कॅनन दररोज उपासना करीत होते. गालिचे गेले होते, व्हाइसरॉय गेला होता, धर्मन्यायालयाचा वाडाही पाडला गेला होता. दोन रांगा समोरासमोर बसून स्तोत्रे म्हणत, आणि ऐकावयास बहुधा वटवाघळे. एव्हाना त्या रांगांतील आवाजही पुष्कळसे याच मातीतील झाले होते. आमच्या मते से कॅथेड्रलच्या इतिहासातील हे सर्वांत गौरवाचे पर्व होय. १६४० साली समर्पणाच्या दिवशी सारे शहर लोटले असेल. त्या दिवशी तेथे असणे कोणालाही कठीण नव्हते. १८७८ सालच्या आषाढात, चिखल तुडवीत, कोणीही पाहत नसताना येऊन आपल्या जागी बसणे, हे कॅननपदाचे खरे काम होते. त्यांतील काहीजण हजेरीच्या वाट्यासाठी येत असतील, हे आम्हांस मान्य आहे.

अर्थात मंदिर नेहमीच रिकामे नसे. संत फ्रान्सिस झेवियर यांचे अवशेष दर्शनासाठी जवळच्या बॉम जेझूस बॅसिलिकेतून याच कॅथेड्रलमध्ये आणले जातात. असे पहिले सार्वजनिक दर्शन १७८२ साली झाले. अलीकडचे २१ नोव्हेंबर २०२४ पासून ५ जानेवारी २०२५ पर्यंत. तेव्हा लाखोंची गर्दी होते, त्यांत अन्यधर्मीय भाविकही असतात. दर्शन संपते, गर्दी जाते, आणि मंदिर पुन्हा आपल्या नित्यक्रमाला लागते.

दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने ४ डिसेंबर १९६३ रोजी उपासनेविषयीचा आपला दस्तऐवज मंजूर केला. लोकभाषेला वेदीवर स्थान मिळाले. प्रहरांची प्रार्थना धर्मगुरूंची खाजगी मिरास नसून सर्व देवप्रजेची आहे, रविवारची सायंप्रार्थना मंदिरात लोकांसह व्हावी, प्रापंचिकांनीही ती धर्मगुरूंसमवेत किंवा आपसांत म्हणावी, असे त्यात स्पष्ट सांगितले आहे. आज से कॅथेड्रलमध्ये कोकणीत मिस्सा होते. साष्टीच्या गावांतून सतराव्या शतकाच्या आरंभी जे घडत होते, ते कॅथेड्रलच्या वेदीपर्यंत पोहोचावयास साडेतीन शतके लागली. वाट लांबची खरी; पण ती गावाकडून कॅथेड्रलकडे गेली, हे धर्मशिक्षकांच्या प्रश्नाला उत्तर देताना आम्हांस उपयोगी पडले.

आम्ही त्यांना कॅननांची हकीकत सांगितली आणि मेस्तांचीही. त्यांनी ऐकून घेतले. मग म्हणाले, "म्हणजे फादर, त्यायची हजेरी लिवत होते. आपली कोण लिवते?" याला आमच्याजवळ उत्तर नव्हते. पुढच्या शनिवारी सायंप्रार्थनेस आम्ही पाचजण होतो. नाला उतरला होता. तिसऱ्या स्तोत्राच्या अखेरीस माउलींनी कोणाचीही वाट न पाहता एक ओळ आपणच उचलली. ती पुस्तकातल्यापेक्षा थोडी निराळी होती, त्यांच्या बोलीतली. धर्मशिक्षक आमच्याकडे पाहू लागले. आम्ही पुढचे कडवे सुरू केले.